खरवडलेल्या रस्त्यातून घराची वाट

अमेरिकेच्या ग्रामीण भागातील घर बहुधा हमरस्त्याला लागून नसते. रस्ता आणि घर यांच्यामध्ये शेत, कुरण किंवा झाडी असते, आणि तीमधून तीस-चाळीस मीटरांपासून कित्येकदा दोन-तीनशे मीटरांपर्यंत लांबीची एक खाजगी वाट घराच्या दारापर्यंत जाते. तेथील भाषेत तिला 'ड्राइव्हवे' म्हणतात. सार्वजनिक रस्त्याची निगा शासन राखते. या वाटेची सर्व जबाबदारी मात्र घरमालकाची असते. हिवाळ्यात तिच्यावरील बर्फ त्यानेच उपसावयाचा, वसंतात बर्फ वितळून चिखल झाला की त्यात रुतलेली मोटारही त्यानेच बाहेर काढावयाची. नवे, गरम डांबरी मिश्रण अंथरून घ्यावयाचे तर ठेकेदार, यंत्रे आणि मजूर यांचा खर्च सामान्य कुटुंबास जड जातो. नुसती खडी पसरली तर ती चाकांखाली विखुरते, उन्हाळ्यात धूळ उडते, आणि बर्फ ओढण्याच्या फाळाबरोबर दर वर्षी थोडीथोडी खडी कडेच्या गवतात जाऊन पडते. या दोहोंच्या मधला एक मार्ग गेल्या काही दशकांत तेथे रूढ झाला आहे. जुना सार्वजनिक रस्ता खरवडून निघालेला चुरा विकत घ्यावयाचा आणि आपली वाट आपणच बांधावयाची.

हा चुरा कोठून येतो, हे प्रथम पाहिले पाहिजे. डांबरी रस्ता जीर्ण झाला म्हणजे पूर्वी त्याच्यावरच नवा थर चढवीत. थरावर थर चढत गेले की रस्ता उंच होतो आणि कडेची गटारे व दारे त्याच्या मानाने खाली जातात. पुढे रस्त्याचा वरचा थर यंत्राने खरवडून काढण्याची पद्धत आली. या यंत्राच्या पोटाशी एक मोठा फिरता लोखंडी पिंप असतो आणि त्यावर कठीण कार्बाइडच्या टोकांचे दात बसविलेले असतात. रस्ता न तापवता हे दात ठरावीक खोलीपर्यंत थर कुरतडतात आणि निघालेला चुरा एका पट्ट्यावरून थेट मालमोटारीत पडतो. ठेकेदार त्याला 'मिलिंग्ज' म्हणतात. 1973 साली अरब देशांनी तेलपुरवठा रोखला आणि काही महिन्यांतच खनिज तेलाच्या किमती सुमारे चौपट झाल्या. डांबर हे तेलाच्या शुद्धीकरणातील तळाशी राहणारे द्रव्य असल्यामुळे रस्ते बांधणाऱ्यांना त्याची झळ लागल्यावाचून राहिली नाही. उकिरड्यावर टाकल्या जाणाऱ्या जुन्या रस्त्यात अजून पैसा आहे, ही जाणीव त्या टंचाईने पक्की केली.

येथे 'डांबर' या शब्दाविषयी थोडे सांगणे अवश्य आहे, कारण मराठीत दोन अगदी निराळ्या पदार्थांना हे एकच नाव आहे. दगडी कोळसा बंद भट्टीत तापवून जो काळा, उग्र वासाचा द्रव मिळतो तेही डांबर; कपाटातील डांबरगोळी त्याच कुळातली. आणि खनिज तेलातून येणारे, ज्यास शास्त्रीय भाषेत बिटुमेन म्हणतात, तेही डांबरच. रस्त्यांवर आज वापरतात ते दुसरे. मोहेंजोदडो येथील महास्नानगृहाच्या भिंतीत पाणी झिरपू नये म्हणून निसर्गतः आढळणाऱ्या बिटुमेनचाच थर दिलेला होता. परंतु विसाव्या शतकात कित्येक देशांत रस्त्यांसाठी कोळशाचे डांबरही वापरले गेले, आणि त्यात कर्करोगास कारण होणारी संयुगे मोठ्या प्रमाणात असतात. म्हणून अगदी जुन्या रस्त्याचा चुरा घेताना तो कोणत्या जातीचा आहे याची चौकशी हा केवळ शब्दांचा काथ्याकूट नव्हे. नेदरलँड्स व जर्मनी या देशांत कोळशाच्या डांबराचा अंश असलेला चुरा वेगळा काढला जातो व पुन्हा गरम मिश्रणात जाऊ दिला जात नाही. विकत घेणाऱ्याने चुऱ्याचा ताजा ढेकूळ फोडून वास घ्यावा. डांबरगोळीसारखा उग्र वास आल्यास तो माल घराजवळ आणूच नये. वास आला नाही म्हणजे भय संपले, असे मात्र नाही. शंका असेल तेथे प्रयोगशाळेतील तपासणीच खरी.

चुऱ्यात वजनाने सुमारे पंचाण्णव टक्के खडी व वाळू आणि चार ते सहा टक्के बिटुमेन असते. हे बिटुमेन मेलेले नसते, म्हातारे झालेले असते. वर्षानुवर्षांच्या उन्हाने त्यातील हलकी तेले उडून गेलेली असतात, हवेतील प्राणवायूने ते कठीण व ठिसूळ केलेले असते. तरीही प्रत्येक खड्यावर त्याचे पातळ पटल शिल्लक असते. कडक उन्हात काळा पृष्ठभाग हवेपेक्षा पुष्कळच अधिक तापतो, पटल किंचित मऊ होते, आणि वरून दाब पडला की शेजारच्या दोन खड्यांची पटले एकमेकांस चिकटतात. चुऱ्याची वाट खडीच्या वाटेहून वेगळी ठरते ती एवढ्याच कारणाने. मात्र कारखान्यातून दीडशे अंश सेल्सिअसच्या आसपास तापलेल्या मिश्रणाचा एकजीवपणा तिला कधीच येत नाही. विक्रेते तसे आश्वासन देतात. त्यावर विश्वास ठेवू नये. खडीहून बरी आणि डांबरी रस्त्याहून उणी, अशीच तिची खरी जागा आहे.

आता बांधणीकडे वळू. जॉन लाउडन मॅकॅडम हा स्कॉटिश गृहस्थ 1816 साली इंग्लंडमध्ये ब्रिस्टल येथील रस्त्यांचा अधीक्षक झाला. भार खरोखर खालची जमीनच पेलते, आणि ती कोरडी असेल तोवर कोणताही भार पेलते, हे त्याच्या पद्धतीचे मूळ सूत्र होते. वरचा दगडांचा थर हे त्या जमिनीवरचे छप्पर होय. सहा औंसांहून, म्हणजे सुमारे 170 ग्रॅमांहून, जड दगड वापरू नये असा त्याचा दंडक होता. दोनशे वर्षांत साधने बदलली, पण घरापुढची वाट बिघडते ती आजही पाण्यानेच. म्हणून काम उन्हाळ्यात करावयाचे असले तरी त्याची सुरुवात आधीच्या पावसाळ्यात झाली पाहिजे. जोराचा पाऊस चालू असताना मालकाने छत्री घेऊन वाटेवर उभे राहावे आणि पाणी कोठून येते, कोठे तुंबते व कोठून निसटते ते खुंट्या ठोकून खुणावून ठेवावे. या अर्ध्या तासाच्या निरीक्षणाची बरोबरी नंतर आणलेले कोणतेही यंत्र करू शकत नाही.

पुढची पायरी खोदाईची. वरची सुपीक माती शेतास भूषण असली तरी रस्त्यास शत्रूच. तीत मुळे आणि कुजलेला पाला असतो; ती बोळ्यासारखी पाणी धरते आणि दाबली की दबते. ती सर्व काढून, बहुधा पंधरा ते वीस सेंटिमीटर खाली, घट्ट जमीन लागेपर्यंत जावे लागते. या उघड्या जमिनीवरून भरलेली मालमोटार हळूहळू चालवावी व चाकांकडे पाहावे. जेथे जमीन चाकाखाली खचते व चाक पुढे गेल्यावर पुन्हा वर येते, तेथे ती आतून ओली किंवा मऊ आहे. तेवढा भाग आणखी खणून खडीने भरला पाहिजे. चिकणमातीची जमीन असल्यास तिच्यावर विणलेले मजबूत कृत्रिम कापड अंथरतात. ते पाणी जाऊ देते, पण खालची माती आणि वरची खडी यांची मिसळ होऊ देत नाही. उत्तरेकडील राज्यांत याचे महत्त्व विशेष. तेथे जमिनीतील पाणी हिवाळ्यात गोठून बर्फाच्या चकत्या तयार होतात, जमीन फुगते, आणि वसंतात ते वितळले की वरची वाट ऐन मोटारीखाली पोकळ पडते. दख्खनच्या काळ्या जमिनीत बर्फ नसला तरी व्यथा ओळखीची आहे: पावसात फुगणारी व उन्हाळ्यात भेगाळणारी ती माती रस्त्यास तशीच उलथून टाकते.

कापडावर फोडलेल्या खडीचा दहा ते पंधरा सेंटिमीटरांचा पाया येतो आणि त्यावर चुरा. किती चुरा लागेल याचा हिशेब घरबसल्या करता येतो. वाट 30 मीटर लांब व 3 मीटर रुंद असून दाबल्यानंतर 10 सेंटिमीटर जाडी हवी असेल, तर घनफळ 9 घनमीटर होते. घट्ट दाबलेल्या चुऱ्याचे वजन घनमीटरला साधारण 2 टन धरले तर 18 टन, आणि कडेला सांडणारा माल धरून 20 टन मागवावा. चाळलेला, वीस-पंचवीस मिलिमीटरांखालचा माल मागावा. न चाळलेल्या मालात रस्त्याचे थाळीएवढे ठोकळे निघतात आणि ते कधीच नीट बसत नाहीत. ढिगात अनेक महिने पडलेला चुरा आपल्याच भाराने घट्ट झालेला असतो. तोही टाळलेला बरा.

सर्व माल एकदम पसरण्याचा मोह अनेकांना आवरत नाही, आणि तेथेच काम फसते. वरून दिलेला दाब काही सेंटिमीटरच खाली पोचतो. जाड थराचा माथा कठीण होतो आणि पोट मोकळे राहते. पुढे चाकांच्या दोन चाऱ्या पडतात त्या यामुळेच. म्हणून सहा-सात सेंटिमीटरांचा सैल थर पसरून तो दाबून सुमारे पाच सेंटिमीटर करावयाचा, मग दुसरा. पसरताना पाण्याचा हलका शिडकावा द्यावा. धूळ बसते व बारीक कण खड्यांच्या फटीत सरकतात. माल मुठीत दाबल्यावर गोळा धरावा, पण हाताला पाणी सुटू नये, इतकी ओल पुरे. हातधुम्मसाने एवढे क्षेत्र दाबणे म्हणजे शरीरास शिक्षा आहे. कंप पावणाऱ्या पाट्याचे छोटे यंत्र कडा व कोपऱ्यांना चांगले, पण सगळ्या वाटेसाठी टन-दीड टनाचा दोन पिंपांचा कंपन-रूळ एका दिवसाकरिता भाड्याने घ्यावा. मजुरी वाचविणाऱ्याने येथे पैसे वाचवू नयेत.

मध्य उंच आणि कडा सखल, अशी वाटेची पाठ ठेवावी. 3 मीटर रुंदीत मध्यापासून कडेपर्यंत दीड मीटर होते. शेकडा दोनचा उतार म्हणजे मध्य कडेहून 3 सेंटिमीटर उंच. डोळ्यांना हे जाणवतही नाही. म्हणून दोरी ताणून व पाणसळ लावून पदोपदी मापले पाहिजे. एका बाजूस घराची भिंत असेल तर सर्व उतार दुसऱ्या बाजूस द्यावा. रूळ कडेकडून मध्याकडे फिरवावा, मध्यातून कडेकडे नव्हे. तसे केल्यास माल बाहेर ढकलला जातो आणि पाठ सपाट होते. कडेला मातीचा खांदा भरून तो ठोकून बसविला नाही तर काठ ढासळू लागतो. सार्वजनिक रस्त्याशी जेथे वाट मिळते तेथील चरात नळ घालावा लागतो. त्याकरिता स्थानिक रस्ते-खात्याची परवानगी बहुतेक ठिकाणी आवश्यक असते.

काम कडक उन्हाच्या दिवसांत करावे, आणि त्यानंतर काही आठवडे संयम ठेवावा. वाहन चालवावे, किंबहुना चालविलेच पाहिजे, कारण चाकांचा दाब हाच पुढचा रूळ होय. मात्र दर खेपेस थोडे निराळ्या रेषेवरून. उभ्या मोटारीचे चाक जागच्या जागी फिरविले तर न जमलेला पृष्ठभाग पिळून उखडतो. चुरा लवकर मऊ व्हावा म्हणून काही जण त्यावर डिझेल शिंपडतात. हा उपाय निव्वळ घातकी आहे. डिझेल बिटुमेनला विरघळवते आणि उरलेले जमिनीत उतरते. ग्रामीण अमेरिकेतील घराला पिण्याचे पाणी बहुधा अंगणातील विहिरीतून वा कूपनलिकेतून मिळते, हे ध्यानात घेतले की अधिक सांगण्याचे कारण राहत नाही. चुऱ्याची वाटही विहीर, ओढा वा पाणथळ जागा यांच्यापासून दूर ठेवावी. काही राज्यांनी अशा सैल चुऱ्याच्या वापरावर निर्बंध घातले आहेत. ते आधी पाहिलेले बरे.

खड्डा पडल्यास दुरुस्ती सोपी असते, आणि या पदार्थाचा हा मोठाच गुण आहे. खड्ड्याचा तळ दाताळ्याने खरवडून, नवा चुरा भरून, भर दुपारच्या उन्हात ठोकला की जुन्यात नवे मिसळून जाते. नुसत्या खडीने तो भरला तर ती चार पावसांत निघून जाते.

भारतात खरवडलेल्या रस्त्याचा पुनर्वापर हा आजवर मुख्यतः मोठ्या रस्त्यांचा विषय राहिला आहे. इंडियन रोड्स काँग्रेसने त्यासाठी 2015 साली शिफारशींची संहिता प्रसिद्ध केली. थरावर थर चढून घरांचे उंबरठे रस्त्याखाली जाणे हे आपल्या शहरांतील जुने दुखणे आहे. ते टाळण्यासाठी आधी खरवडून मगच नवा थर द्यावा, अशा सूचना 2021 साली तमिळनाडू शासनाने दिल्या. असा माल कोणाच्या मालकीचा हे त्या-त्या कामाच्या करारावर अवलंबून असते. म्हणून रस्त्याकडेला पडलेला ढीग बेवारस समजून उचलू नये. ज्यास तो रीतसर मिळेल त्याने भारतीय ऋतुमान ध्यानी धरून फाल्गुन-चैत्रातच वाट दाबून घ्यावी, म्हणजे वैशाखाचे ऊन तिला जमवील आणि मृगाचा पाऊस येईपर्यंत तिच्या हाती दोन महिने असतील.