सामन्याचं गाव आधी शोध

भाच्या, चाकणला कामाला लागून तुला महिना होतोय न होतोय तोच तुझा फोन आला. "मामा, रूमवर टीव्ही नाही. मोबाईलवर मॅच लावली की स्वयंपाक बोंबलतोय. रेडिओवर कुठं लागती का?" फोनवर हे नीट सांगता येत नाही, म्हणून लिहून देतोय. जपून ठेव.

कोल्हापूरच्या माणसाला फुटबॉलशिवाय करमत नाही, हे मला कुणी सांगायला नको. शाहू स्टेडियमची पायरी सोडूनच मीही पिंपरीला आलो. इथं गाड्या बनतात, औषधं बनतात, मशिनी बनतात, पण फुटबॉलची मोठी टीम काही टिकत नाही. पुणे एफसी होती, गेली. एफसी पुणे सिटी २०१४ साली आली, बालेवाडीत खेळली आणि २०१९ला तिची जागा हैदराबादच्या टीमनं घेतली. तिकडं मुंबईत महिंद्रा युनायटेडनं २००५-०६ची राष्ट्रीय लीग जिंकली होती, तीही २०१०ला बंद झाली. आपल्या कोल्हापूरचा अनिकेत जाधव २०१७चा सतरा वर्षांखालचा वर्ल्ड कप भारताकडून खेळला आणि पुढं जमशेदपूरच्या टीमकडून उतरला. तेव्हा त्याचा खेळ ऐकायचा तरी कान जमशेदपूरकडंच लावावा लागायचा. पिंपरी-चिंचवडच्या माणसाचा मोठा फुटबॉल असा बहुतेक वेळा परगावीच असतो.

आता पहिला आणि सगळ्यात मोठा मंत्र. नुसता सामना शोधत बसू नकोस, आधी सामन्याचं गाव शोध. ज्या गावात लोक त्या टीमसाठी जीव टाकतात, त्याच गावचं केंद्र त्यांच्यासाठी धावतं वर्णन करतं, तेही त्यांच्या भाषेत. मोहन बागान आणि ईस्ट बंगालचा सामना असेल तर कोलकाता आणि बंगाली. संतोष ट्रॉफीत केरळ असेल तर केरळातली केंद्रं आणि मल्याळम. देशभराचं वर्णन असेल तर हिंदी-इंग्रजी आलटून-पालटून. प्रत्येक सामन्याचं वर्णन होतंच असं नाही, म्हणून आदल्या दिवशी त्या गावच्या माणसाला विचारून घ्यायचं. तुझ्या लाइनवर बंगाली, मल्याळी, ओडिया, आसामी पोरं आहेत. त्यांना जे माहीत असतं ते डायल फिरवून सापडत नाही.

एफएमवर वेळ घालवू नकोस. एफएमची लहर साधारण नजरेच्या टप्प्यापर्यंत जाते, त्यामुळं पुण्याचं एफएम पुण्यापुरतंच. शिवाय खासगी एफएमवाल्यांना मोठ्या सामन्यांचं थेट वर्णन करायची परवानगी नाही. २०११च्या धोरणात त्यांना फक्त स्थानिक स्वरूपाच्या खेळांपुरती मोकळीक मिळाली. म्हणून ही वाट पहिल्यापासून आकाशवाणीचीच आहे. २००७च्या कायद्यानं तर सरकारनं राष्ट्रीय महत्त्वाचे म्हणून जाहीर केलेले सामने प्रसार भारतीला द्यावेच लागतात.

आमच्या तरुणपणी पिंपरीत हिंदुस्तान अँटिबायोटिक्सच्या, म्हणजे एचएच्या कॉलनीत मल्याळी कुटुंबं बरीच होती आणि कारखान्यात बंगाली फिटरही होते. क्रिकेटसाठी आम्ही बाळ ज. पंडितांचं मराठी वर्णन ऐकायचो, पण फुटबॉलला बंगाल्यांच्या खोलीत बसायचो. अजय बसू, पुष्पेन सरकार, कमल भट्टाचार्य ही नावं त्या खोलीत देवाच्या नावासारखी घेतली जायची. २४ सप्टेंबर १९७७ला पेले कॉसमॉस क्लबकडून ईडन गार्डन्सवर मोहन बागानशी खेळला आणि सामना २-२ असा बरोबरीत सुटला, हे मला वर्तमानपत्राच्या आधी त्या खोलीतून कळलं. बंगाली कुणी शिकवलं नाही, ऐकून आलं. तुलाही येईल. भाषा येत नाही म्हणून कधी स्टेशन बदलू नकोस. खेळाडूंची नावं कानाला लागतात, बोलणाऱ्याचा वेग वाढला की चेंडू गोलपाशी आलाय हे कळतं, आणि मैदानावरची गर्दी तर कुठल्याच भाषेत बोलत नाही. कागदावर एक चौकोन काढ, पहिल्या हाफमध्ये कुठली टीम कुठल्या बाजूला ते लिही, मग डावीकडं-उजवीकडं कुठलं ते आपोआप समजतं.

आता सेटची गोष्ट. माझा जुना ट्रान्झिस्टर तुला देणार आहे. त्याला मध्यम लहरी म्हणजे मीडियम वेव्ह आहे, आणि दूरचं ऐकायचं तर खरं काम तिचंच. दिवसा ती फार लांब जात नाही. आकाशात वरती एक थर असतो, तो दिवसा उन्हानं तयार होतो आणि टीपकागदासारखी ही लहर शोषून घेतो. सूर्य बुडाला की तो थर विरतो, लहर त्याच्याही वरच्या थराला आपटून पुन्हा खाली येते आणि हजार-दीड हजार किलोमीटरवर ऐकू येते. कोलकात्यात सूर्य आपल्यापेक्षा जवळजवळ तासभर आधी बुडतो, पण त्याचा आपल्याला उपयोग नाही. वाटेतलं सगळं आकाश अंधारात गेलं पाहिजे, म्हणजे आपल्याकडंही सूर्य बुडाला पाहिजे. डिसेंबरात साडेसहा-सातला रस्ता मोकळा होतो, जूनमध्ये आठ वाजतात. म्हणून संध्याकाळी साडेसातचा सामना हिवाळ्यात छान लागतो आणि दुपारचा सामना मीडियम वेव्हवर सोडूनच द्यायचा. दुपारचे सामने आम्ही शॉर्टवेव्हच्या ४१ मीटरच्या पट्ट्यात कोलकाता शोधून ऐकायचो. ती सोय आता राहिली नाही.

आकडे पाठ कर. कोलकात्याचं मुख्य केंद्र ६५७ किलोहर्ट्झ, कोझिकोड ६८४, तिरुवनंतपुरम ११६१, पणजी १२८७. आपलं पुणे ७९२वर. ते जवळचं आणि ताकदीचं, त्यामुळं त्याच्या शेजारचं काही दबलं तर सेटला दोष देऊ नकोस. आपल्याकडं दोन केंद्रांमध्ये ९ किलोहर्ट्झचं अंतर असतं. तुझ्या काकांनी अमेरिकेहून आणलेला आकड्यांचा सेट १०च्या पायरीनं उड्या मारतो. त्यात ६५० येतं, ६६० येतं, ६५७ येतच नाही. मागं किंवा मेनूत ९ आणि १०ची निवड असते, ती आधी ९वर कर. या एका गोष्टीपायी कित्येकांनी चांगले सेट भंगारात दिलेत. गेल्या काही वर्षांत आकाशवाणीनं बरेच मीडियम वेव्ह क्षेपक बंद केले किंवा डिजिटल केले. तेव्हा सामन्याच्या दोन-तीन दिवस आधी रात्री त्या आकड्यावर जाऊन आवाज येतो का ते पाहून ठेव. सामन्याच्या वेळी डायलवर हात ठेवणारा अर्धा सामना घालवतो.

आता हे नीट समजून घे, कारण हे दुकानदार सांगत नाही. सेट उघडलास तर आत वरच्या कडेला एक काळी कांडी दिसेल, त्यावर तांब्याची बारीक तार गुंडाळलेली. तीच मीडियम वेव्हची एरियल. बाहेर ओढायची ती चकचकीत दांडी एफएम आणि शॉर्टवेव्हसाठी असते, मीडियमला तिचा काही उपयोग नाही. कांडीच्या दोन टोकांकडून येणारा आवाज सगळ्यात कमी धरला जातो, आडव्या अंगानं येणारा सगळ्यात जास्त. कांडी सेटच्या लांबीला समांतर असते. चाकणहून कोलकाता पूर्वेला, जरासं उत्तरेकडं. म्हणून कोलकात्यासाठी सेट असा ठेव की त्याची लांबी नाशिक हायवेला समांतर होईल. केरळ आणि गोवा दक्षिणेला. त्यांच्यासाठी सेट काटकोनात फिरव, लांबी तळेगाव-शिक्रापूर रस्त्याला समांतर कर. दोन रस्ते लक्षात ठेवलेस की होकायंत्राची गरज नाही.

पण आपल्या पट्ट्यात खरी लढाई घरघरीशी आहे. तुझ्या महाळुंग्याच्या रूममागं वर्कशॉप, त्यात मोटरींचे ड्राइव्ह, वेल्डिंग, वर एचटी लाइन. रूममध्ये एलईडी बल्ब, मोबाईलचे चार चार्जर, इन्व्हर्टर. हे सगळे मीडियम वेव्हवर करवतीसारखा आवाज सोडतात. मी जन्मभर मेंटेनन्समध्ये होतो, त्यामुळं या घरघरीचा माग कसा काढायचा ते मला ठाऊक आहे. सेट सेलवर चालव, अडॅप्टरवर नाही. मग एकेक चार्जर काढत जा, एकेक बल्ब बंद कर, कुठला बंद केल्यावर आवाज पडतो ते बघ. बहुतेक वेळा एखादा स्वस्तातला बल्ब किंवा चार्जरच दोषी निघतो. तो बदल, रूममेटांना समजावून सांग, त्यांचाही सामना असतो. घरघर बाहेरून येत असेल तर कांडीचं टोक तिच्याकडं कर, म्हणजे ती विरेल. सामन्याचा आवाज थोडा कमी झाला तरी चालेल, पण घरघर मेली पाहिजे. स्वच्छ आणि बारीक आवाज ऐकता येतो, मोठा आणि घाण आवाज ऐकता येत नाही.

तरी नाही जमलं तर गच्चीवर जा, पाण्याच्या टाकीपासून आणि वायरींपासून लांब, कठड्यापाशी. सेट लोखंडी खुर्चीवर ठेवू नकोस, लाकडी स्टूल घे. गुरुवार आपल्या पट्ट्यातला सुट्टीचा वार, भोसरीतली बरीच वर्कशॉपं त्या दिवशी बंद असतात. सराव करायचा तर गुरुवारच्या रात्री कर, कान लवकर तयार होतो. एप्रिल-मेमध्ये वळवाचे ढग आले की कडकड सुरू होते. ती विजेची असते, तिच्यावर इलाज नाही, आणि अशा वेळी गच्चीवर थांबायचंही नाही. पावसाळ्यातली कोलकाता लीगही अशाच कडकडीनं अवघड जाते.

आवाज मध्येच चढतो, मध्येच बुडतो. बुडाला की पोरं लगेच डायल फिरवतात. फिरवायचा नाही. एक-दोन मिनिटं थांब, तो परत वर येतो.

आता मोबाईलचं, थोडक्यात, कारण त्यात तू माझ्यापेक्षा हुशार. आकाशवाणीच्या न्यूजऑनएअर ऍपवर देशभरातली केंद्रं ऐकू येतात. केंद्राचं नाव भाषेनुसार शोधायचं, सामन्याच्या नावानं नाही. तिथंही तोच पहिला मंत्र. व्हिडिओच्या मानानं डेटा फार थोडा लागतो आणि डोळे मोकळे राहतात. मॅच बघत भाकरी होत नाही, ऐकत होते. ऍपवरचा आवाज मैदानापेक्षा काही सेकंद, कधी अर्धा-एक मिनिट मागं असतो. ग्रुपवरचे मेसेज तेवढ्या वेळापुरते बंद ठेव, नाहीतर गोल तुला दुसऱ्याकडून कळेल.

इंग्लंडच्या लीगचा तुला नाद आहे, तेही सांगतो. बीबीसीचं देशांतर्गत रेडिओवरचं फुटबॉलवर्णन हक्कांमुळं ब्रिटनबाहेर ऐकू देत नाहीत. त्यामागं लागून फसव्या वेबसाइटवर जाऊ नकोस, तिथं मोबाईलचं वाटोळं होतं. वर्ल्ड सर्व्हिस मात्र जगासाठी आहे, शनिवारी तिचा स्पोर्ट्सवर्ल्ड कार्यक्रम असतो. काही क्लब आपल्या ऍपवर स्वतःचं वर्णन देतात, तेही बघ. वेळेचा हिशोब असा: तिकडचा शनिवारी दुपारी तीनचा सामना आपल्याकडं हिवाळ्यात रात्री साडेआठला, आणि तिकडं घड्याळ तासभर पुढं केलेलं असतं त्या महिन्यांत साडेसातला. मार्च आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी हे बदलतं. कॅलेंडरवर खूण करून ठेव.

दोन गोष्टींत मात्र तुला सूट नाही. शॉप फ्लोअरवर कानात काही नको, मशीनचा बदललेला आवाज ऐकू आला पाहिजे. आणि चाकण चौकात, तळेगाव रस्त्यावर, गाडीवर असताना तर अजिबात नको. तिथं कंटेनर मागून कधी येतो ते फक्त कानालाच कळतं. थर्ड शिफ्टच्या बसमध्ये बसलास की खुशाल लाव. शेजारच्याला एक इअरफोन दे, तो बंगाली असेल तर तुला अर्थ सांगत जाईल.

येत्या गुरुवारी ये. मोठे सेल चार घेऊन ये, जुने नकोत, ते गळून आतली पट्टी खातात. सेट वापरात नसेल तेव्हा सेल बाहेर काढून ठेवायचे. मामीनं तांबड्या-पांढऱ्या रश्श्याचा बेत केलाय. जेवण उरकून आपण गच्चीवर ६५७ लावून बघू, आणि घरघर कुठल्या घरातून येते ते तू शोधून काढायचं.