निकाल मिळावा म्हणून हायकोर्टांत अर्ज

फेरफारास कोणी लेखी हरकत घेतली म्हणजे तें प्रकरण तक्रारी नोंदवहींत जातें. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ याच्या कलम १५० प्रमाणें अव्वल कारकुनाहून कमी दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्यानें तें शक्यतों एक वर्षाचे आंत निकालांत काढावयाचें असतें. या ‘शक्यतों’ शब्दाच्या आडोशास किती प्रकरणें पडून राहतात, हें आम्ही नोकरींत असतां पाहिलें आहे.

अशा वेळीं राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालीं उच्च न्यायालयाकडे परमादेश मागतां येतो. १९५० पूर्वीं हा उपाय मुंबई, कलकत्ता व मद्रास या शहरांच्या हद्दींतच चाले. खेड्यांतील खातेदारास तो नव्हता.

मात्र मागावें काय, हें नीट समजलें पाहिजे. ‘नोंद आमचे नांवें करावी’ असें मागूं नये. तें ठरविणें महसूल अधिकाऱ्याचें काम. ‘उभय पक्षांस ऐकून अमुक मुदतींत निकाल द्यावा’ एवढेंच मागावें. निकाल विरुद्धही जाईल. तहसीलदाराच्या हुकुमावर अपिलास साठ दिवस असतात.

लेखी मागणी केली होती काय, हें न्यायालय प्रथम पाहतें. तोंडी हेलपाट्यांस पुरावा नाहीं. म्हणून अर्जाची तारीख-शिक्क्यासह पोच ठेवावी व रोजनाम्याची नक्कल काढावी. (तारखा आपल्याच वकिलानें वाढवून घेतल्या असल्यास तेंही तींत दिसतें!) हरकतदारासही पक्षकार करावें.

हुकूम झाल्यावर त्याची नक्कल स्वतः कचेरींत देऊन पोच घ्यावी. मुदत टळल्यास अवमानाचा अर्ज एक वर्षाचे आंत करावा लागतो.