रुप्याच्या खाणीतून सेनेटमध्ये

प्रश्न : अमेरिकेत गेलेले आयरिश म्हणजे रूळ टाकणारे नाहीतर कालवे खणणारे मजूर, असेच आम्ही वाचत आलो. त्यांतला कोणी तिकडच्या रानटी पश्चिम भागात धनाढ्य होऊन थेट कायदेमंडळात बसला, असे घडले का? आणि त्याला निवडून दिले कोणी?

उत्तर : घडले, आणि एकदाच नव्हे. पण एकच माणूस घ्यायचा तर मी जेम्स ग्रॅहम फेअरला घेईन. तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर त्याच्याकडे चांगले उघडेवाघडे पाहायला मिळते.

जन्म १८३१चा, आयर्लंडमधल्या टायरोन परगण्यातला. घरची मंडळी १८४३मध्ये अमेरिकेला आली, म्हणजे बटाट्याच्या दुष्काळाच्या आधीच. इलिनॉयमध्ये लहानाचा मोठा झाला आणि सोने सापडल्याची बोंब ऐकून विशीच्या उंबरठ्यावर कॅलिफोर्नियाला पोचला. नदीची वाळू चाळणाऱ्यांची तिथे झुंबड होती. फेअर त्या गर्दीत फार रमला नाही. खडकात शिरलेली धातूची शीर कुठे वळेल, कुठे संपेल, हे ओळखण्याची नजर त्याने कमावली आणि १८६५मध्ये नेवाडातल्या व्हर्जिनिया सिटीत ऑफिर खाणीचा अधीक्षक झाला.

इथला कॉमस्टॉक खनिजपट्टा रुप्याचा, सोबत सोनेही. पण जमीन अशी भुसभुशीत की साधे खांब चिरडून जायचे. म्हणून मधमाशीच्या पोळ्यासारख्या लाकडी चौकटी एकावर एक रचत खाली उतरत. खोलवर कढत पाण्याचे झरे. मजूर थोडा वेळ घाव घालून बाजूला यायचे, बर्फाने अंग गार करायचे आणि पुन्हा आत शिरायचे. खाणीत विडीकाडीला बंदी होती. त्यावरून फेअरची एक गोष्ट सांगतात. तंबाखूचा वास आला की तो मजुरांजवळ बसकण मारून म्हणे, दमलो बुवा, दोन झुरके मिळाले तर बरे होईल. कोणीतरी लपवलेला पाइप मायेने पुढे करी. फेअर झुरके घेई, आभार मानी, आणि वर जाऊन त्यालाच कामावरून काढायला सांगे. खरी असो वा रचलेली, ‘निसरडा जिम’ हे नाव त्याला उगाच पडलेले नव्हते.

डब्लिनचा जॉन मॅके आणि सॅन फ्रान्सिस्कोत दारूचा गुत्ता चालवणारे फ्लड व ओब्रायन, असे आयरिश वंशाचेच तिघे भागीदार त्याला मिळाले. सगळ्यांनी ओवाळून टाकलेल्या ‘कन्सॉलिडेटेड व्हर्जिनिया’ खाणीचे शेअर त्यांनी स्वस्तात उचलले. १८७३मध्ये हजार फुटांच्याही खाली घबाड लागले. ती आणि तिच्या शेजारची खाण मिळून दहा कोटी डॉलरहून अधिक माल निघाला.

आता निवडणूक. तेव्हा अमेरिकी सेनेटर जनता निवडत नसे, राज्याचे आमदार निवडत. आपल्या राज्यसभेचे खासदार विधानसभेचे आमदार निवडतात, तसे. १८८०मध्ये नेवाडाची लोकसंख्या होती ६२ हजार. एवढ्याशा राज्यात हातावर मोजण्याइतके आमदार खिशात असले की काम फत्ते! फेअर डेमोक्रॅट. आपल्या पक्षाचे आमदार निवडून यावेत म्हणून त्याने पैसा पाण्यासारखा ओतला, असे तेव्हा उघड बोलले जाई. त्याने घालवला तो सेनेटर विल्यम शॅरनही खाणी आणि बँकेच्या जोरावरच तिथे पोचलेला होता आणि वॉशिंग्टनला फारसा फिरकतही नसे. म्हणजे एका धनिकाची खुर्ची दुसऱ्याने घेतली, इतकेच. सेनेटर थेट लोकांनी निवडावेत ही घटनादुरुस्ती १९१३मध्ये झाली, त्यामागे असल्याच किश्शांची चीड होती.

१८८१ ते १८८७ तो सेनेटमध्ये होता. रुप्याच्या नाण्यांची बाजू त्याने घेतली, यापलीकडे सांगण्यासारखे काही नाही. माझ्या मते खाणीत तो पहिल्या प्रतीचा, सभागृहात निव्वळ खोगीरभरती. मधेच १८८३मध्ये बायकोने व्यभिचाराच्या कारणावरून घटस्फोट घेतला. १८९४मध्ये तो गेला, तेव्हा पेन्सिलीने लिहिलेले एक मृत्युपत्र निघाले आणि कोर्टकचेऱ्या वर्षानुवर्षे चालल्या. सॅन फ्रान्सिस्कोतले ‘फेअरमाँट’ हॉटेल बांधायला घेतले ते त्याच्या मुलींनी. १९०६च्या भूकंपाच्या काही दिवस आधी त्यांनी ते विकूनही टाकले. नशीब बापावर गेले म्हणायचे!

आपला धागाही या गोष्टीत आहे. नेवाडाचे रुपे बाजारात लोटले, त्याच सुमारास जर्मनीने रुप्याची नाणी मोडीत काढून सोने धरले, आणि रुप्याचा भाव कोसळला. आपला रुपया रुप्याचा. १८७०च्या सुमारास तो दोन शिलिंगांच्या जवळपास होता, १८९३पर्यंत सव्वा शिलिंगावर आला. विलायतेला द्यायचा पैसा सोन्यात मोजावा लागे, तो भार इथल्या करदात्यावर पडला. शेवटी त्या वर्षी सरकारने मुंबई आणि कलकत्त्याच्या टांकसाळी लोकांच्या रुप्याला बंद केल्या. या घसरणीची चिरफाड वाचायची असेल तर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा १९२३चा ‘द प्रॉब्लेम ऑफ द रुपी’ काढा. जड आहे, पण सावकाश वाचला तर उलगडत जातो.