परसातील गवती चहा आणि रानमेवा : घरच्या घरी औषधी चहा



पहाटे गोठ्यात जाण्यापूर्वी चहा, न्याहारीबरोबर चहा, पाहुणा आला की पुन्हा चहा, असा आपला दिवस असतो. गड्यांना शेतावर चहा पोचला नाही तर कामाला हात लागत नाही. या चहाची पावडर, साखर आणि दूध यांवर दरमहा होणारा खर्च आपण सहसा मोजत नाही. दिवसात चहा किती वेळा आणि जेवणाच्या किती जवळ होतो, हेही मोजत नाही.

परसात एक गवती चहाचा ठोंब, दारात तुळस, न्हाणीपासून थोड्या अंतरावर पुदिन्याचा वाफा आणि बांधावर आवळा किंवा करवंदीची जाळी असेल, तर दिवसातला एखादा चहा या साहित्याचा करता येतो. चहा पावडर ज्या झुडपाच्या पानांपासून होते ते झुडूप वेगळे व गवती चहा वेगळा. गवती चहा हे सुगंधी गवत आहे. चहा पावडर न घालता अशा पानाफळांचा चहा केल्यास त्यात कॅफीन नसते. मात्र तो चवदार व निर्धोक होण्यासाठी लागवड, तोडणी व करण्याची पद्धत यांत काही गोष्टी सांभाळाव्या लागतात. त्यांची माहिती या लेखात दिली आहे.

परसबागेत काय लावावे?

१) गवती चहा : पावसाळ्याच्या सुरुवातीस जुन्या ठोंबाचे फुटवे वेगळे करून ६० × ६० सें.मी. अंतरावर लावावेत. घरापुरते दोन-तीन ठोंब पुरे होतात. पाणी साचणारी जागा टाळावी. लागवडीनंतर सुमारे तीन महिन्यांनी पहिली कापणी मिळते. जमिनीपासून १० ते १५ सें.मी. वर कापावे, म्हणजे फुटवा चांगला होतो. ठोंब चार-पाच वर्षांचा झाला की उपटून फुटवे नव्या जागी लावावेत. पानाच्या कडा धारदार असल्याने कात्री किंवा विळा वापरावा. ठोंब दाट झाला असेल तर हात घालण्यापूर्वी काठीने हलवून पाहावा. फुटवे घेताना पान चोळून वास घ्यावा, तो लिंबासारखा यावा. सिट्रोनेला हे याच कुळातील दिसायला सारखे गवत आहे. त्याचे तेल डास पळविण्यासाठी वापरतात, ते पिण्यासाठी घेऊ नये. म्हणून ज्या ठोंबाचा चहा घरात प्याला जातो, त्याचेच फुटवे आणावेत.

२) तुळस : मंजिऱ्या येऊ लागताच खुडाव्यात. त्यामुळे झाड फांद्या धरते व पाने मिळत राहतात. काही मंजिऱ्या बियाण्यासाठी राखाव्यात.

३) पुदिना : बाजारातील जुडीतील जून काड्या ओल्या मातीत खोचल्या तरी मुळ्या धरतात. अर्धवट सावली व सतत ओलावा लागतो. साबणाचे पाणी वाफ्यात जाऊ देऊ नये.

४) फळे : करवंद, जांभूळ, तुती, आवळा व कोकम ही आपल्याकडची फळे या कामी येतात. महाबळेश्वर भागात स्ट्रॉबेरीही घेता येईल.

कोणते फळ केव्हा?

स्ट्रॉबेरी : डिसेंबर ते एप्रिल
तुती : उन्हाळ्याच्या सुरुवातीस
करवंद व कोकम : एप्रिल-मे
जांभूळ : मे अखेर ते जुलैची सुरुवात
आवळा : नोव्हेंबर ते जानेवारी

हंगाम भागाप्रमाणे थोडा मागेपुढे होतो. तुळस व गवती चहा पाणी मिळाल्यास बाराही महिने मिळतात.

तोडणी आणि फवारणीची सावधगिरी

पाने सकाळी दव वाळल्यावर, ऊन चढण्यापूर्वी तोडावीत. या वेळी त्यांत सुगंध चांगला असतो. रोगट, किडलेली व पिवळी पाने घेऊ नयेत. करवंदे पूर्ण काळी झालेलीच घ्यावीत. कच्च्या करवंदात व तुतीत चीक असतो, त्याने घसा खवखवतो व पोट बिघडते.

यापुढील मुद्दा सर्वांत महत्त्वाचा आहे. गवती चहा आपण बहुधा बांधावर लावतो आणि शेजारी कपाशी, भाजीपाला किंवा द्राक्षाचा प्लॉट असतो. फवारणीचे तुषार वाऱ्याबरोबर बांधावरील पानांवर बसतात. आंतरप्रवाही औषध पानाच्या आत शिरते, ते धुऊन जात नाही. म्हणून चहासाठीचे ठोंब फवारणीच्या पिकापासून दूर, घराजवळच लावावेत. बांधावरच्या ठोंबावर तुषार पडले असतील तर तो ठोंब कापून पाने पुरून टाकावीत व नव्या फुटव्याची वाट पाहावी. फवारणीचा पंप किंवा बादली परसातील वाफ्याजवळ धुऊ नये. रस्त्याच्या कडेची, धूळ व धूर बसलेली पानेही नकोत.

ओळख पटल्याशिवाय रानातील कोणतेही पान किंवा फळ चहात घालू नये. गुंजेचे बी, कण्हेरीचा कोणताही भाग व धोतरा ही विषारी आहेत. घाणेरीची हिरवी फळेही विषारी असतात. करवंदे तोडायला मुले गेली असतील तर त्यांनी आणलेली टोपली एकदा निवडून पाहावी.

चहा करण्याचे सूत्र : कठीण ते उकळावे, कोवळे ते मुरवावे

पानांतील सुगंध उडून जाणाऱ्या तेलात असतो. गवती चहा व तुळस आपण खळखळून उकळतो तेव्हा घरभर वास सुटतो आणि आपल्याला वाटते, चहा झकास झाला. प्रत्यक्षात घरभर पसरला तेवढा सुगंध कपातून कमी झालेला असतो. म्हणून आले, वाळलेली फळे यांसारखे कठीण जिन्नस आधी उकळावेत. पाने पातेले खाली उतरवल्यावर घालावीत, झाकण ठेवावे व मुरू द्यावे. झाकणावर जमलेले थेंब पुन्हा पातेल्यात सोडावेत, त्यांतही सुगंध असतो.

आंबट फळांसाठी स्टीलचे पातेले वापरावे. ॲल्युमिनियमचे किंवा कल्हई नसलेले तांब्या-पितळेचे भांडे वापरू नये. फळांच्या आंबटपणाने धातू चहात उतरतो. फळे घातलेल्या चहात दूध घालू नये, ते नासते.

कृती (चार कपांसाठी, पाणी ६०० मि.लि.)

अ) गवती चहा, तुळस व आले
गवती चहाची ३-४ पाने धुऊन बोटभर लांबीचे तुकडे करावेत. पाणी उकळू लागल्यावर इंचभर आले ठेचून घालावे व तीन-चार मिनिटे उकळावे. गवती चहा घालून एक मिनिट ठेवावे व पातेले उतरवावे. तुळशीची १०-१२ पाने चुरडून घालावीत. झाकून पाच मिनिटांनी गाळावे. गोडी हवी असल्यास थोडा गूळ घालावा.

ब) करवंद व पुदिना
पिकलेली करवंदे १०० ग्रॅम घेऊन दोन-तीन पाण्यांत धुवावीत. अर्धी करून बिया काढाव्यात व हाताने कुस्करावीत. पाण्यात घालून मंद आचेवर पाच मिनिटे ठेवावे. उतरवून पुदिन्याची १५-२० पाने घालावीत व झाकावे. पाच मिनिटांनी स्वच्छ फडक्यातून गाळावे. चिमूटभर मीठ व चवीपुरता गूळ घालावा. हा चहा गार करूनही चांगला लागतो. करवंदाऐवजी बी काढलेला जांभळाचा गर वापरता येतो. जांभळाच्या चहात लिंबू पिळले की रंग तांबूस होतो, मुलांना याची मौज वाटते.

क) वाळलेला आवळा व गवती चहा
आवळ्याचा वाळलेला कीस २ चहाचे चमचे व गवती चहाची २ पाने स्वच्छ भांड्यात घ्यावीत. त्यावर उकळते पाणी ओतावे, झाकून आठ-दहा मिनिटे ठेवावे व गाळावे. आवळ्यात 'क' जीवनसत्त्व भरपूर असते, पण उष्णतेने ते नाश पावते. म्हणून कीस उकळू नये.

ड) आमसूल व पुदिना
पाणी उकळून उतरवावे. त्यात ४-५ आमसुले व पुदिन्याची १० पाने घालून दहा मिनिटे झाकावे. गाळून गूळ व चिमूटभर जिरेपूड घालावी.

तयार चहा त्याच दिवशी संपवावा. सकाळचा उरलेला चहा रात्री गरम करून पिऊ नये.

वर्षभरासाठी सुकवण

पाने : धुऊन पाणी निथळू द्यावे व स्वच्छ फडक्यावर सावलीत, वाऱ्याच्या जागी पातळ पसरावीत. उन्हात वाळवल्यास रंग व वास जातो. पान बोटांत चुरले पाहिजे, वाकता कामा नये. एक किलो ताज्या पानांपासून जेमतेम पाव किलो किंवा त्याहूनही कमी सुकी पाने मिळतात. त्यामुळे चहात सुकी पाने ताज्यांच्या मानाने कमी घालावीत.

फळे : करवंदे अर्धी करून बिया काढाव्यात, आवळा किसावा. ताटात एकेरी थर द्यावा, वर मलमलचे फडके बांधावे व उन्हात ठेवावे. संध्याकाळी ताटे घरात घ्यावीत. कडक उन्हात सुमारे तीन ते पाच दिवस लागतात. तुकडा दाबल्यावर ओल हाताला लागू नये.

वाळलेले फळ लगेच बंद करून विसरू नये. काचेच्या बरणीत चार-पाच दिवस ठेवून रोज हलवावे. झाकणाच्या आत थेंब दिसल्यास पुन्हा वाळवावे. पावसाळ्यात बरणी उघडताना हात व चमचा कोरडा असावा. बुरशीचा ठिपका किंवा कुबट वास आल्यास वरवरचे काढून बाकीचे वापरण्याचा मोह टाळावा, सगळे टाकून द्यावे. बरणीवर जिन्नस व महिना लिहून ठेवावा.

चहा आणि रक्तातील लोह

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार (२०१९-२१) महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयोगटातील निम्म्याहून अधिक स्त्रियांत रक्तक्षय आढळला. आपल्या घरातील स्त्री पहाटेपासून राबते, सर्वांत शेवटी जेवते आणि भाकरीबरोबर किंवा जेवून उठताच चहा घेते. चहातील टॅनिनसारखे तुरट घटक भाकरी-भाजीतील लोहाला बांधून ठेवतात व ते अंगी लागू देत नाहीत. म्हणजे पालेभाजी पोटात जाते, पण तिच्यातील लोहाचा पुरेसा उपयोग होत नाही.

औषधी चहाने हा प्रश्न आपोआप सुटत नाही, कारण पुदिन्यासारख्या पानांतही असे घटक असतात. म्हणून चहा कोणताही असो, जेवणाच्या आधी व नंतर किमान एक तास जाऊ द्यावा. जेवणात लिंबाची फोड, पेरू किंवा ताजा आवळा घ्यावा, त्यातील 'क' जीवनसत्त्वाने लोह शोषले जाण्यास मदत होते. आरोग्य केंद्रातून मिळणाऱ्या लोहाच्या गोळ्या चहाबरोबर कधीही घेऊ नयेत. धाप लागणे, थकवा, डोळ्यांच्या आतील भाग फिका दिसणे ही लक्षणे असतील तर रक्त तपासून घ्यावे. चहात गूळ घातला म्हणून रक्त वाढेल, या समजुतीवर राहू नये.

हे लक्षात ठेवा

१) हा चहा पेय आहे, उपचार नव्हे. जांभूळ वापरले म्हणून मधुमेहाच्या गोळ्या बंद करू नयेत.
२) गरोदर व स्तनदा माता, तसेच रक्त पातळ होण्याची औषधे घेणारे रुग्ण यांनी नियमित घेण्यापूर्वी डॉक्टरांना विचारावे.
३) रक्तदाब असणाऱ्यांनी चहात ज्येष्ठमध रोज घालू नये.
४) सहा महिन्यांपर्यंतच्या बाळाला फक्त आईचे दूध द्यावे, चहा किंवा काढा देऊ नये.
५) साखर-गूळ बेताने वापरावा. कपात दोन-तीन चमचे गेले तर लाभ कमी व तोटा जास्त.
६) बचत गटाला सुकी पाने विकावयाची असल्यास अन्नसुरक्षा व मानके कायदा, २००६ अन्वये नोंदणी करावी. पाकिटावर रोग बरा होईल असे काही छापू नये.

या पावसाळ्यात गवती चहाचे दोन ठोंब घराजवळ लावा. दसरा-दिवाळीच्या सुमारास पहिली कापणी हाती येईल. तोपर्यंत एक बदल आजपासून करता येईल : जेवणानंतरचा चहा तासभर पुढे ढकला, आणि घरातील माय-भगिनींच्या ताटात लिंबाची फोड आहे की नाही, हे पाहा.