विड्या वळणाऱ्या हाताची भरपाई

प्रश्न : माझी आई विडी कामगार आहे, वय ४२. अक्कलकोटहून सोलापूरला येताना तिच्या खासगी बसची आणि मालट्रकची धडक झाली. उजवं मनगट मोडलं, आता ते पूर्ण वळत नाही. दोन्ही चालक एकमेकांवर दोष ढकलतात. डॉक्टरांनी १५ टक्के अपंगत्व लिहिलंय. एवढ्यात काय मिळणार, असं सगळे म्हणतात. दावा करावा का? – एक वाचक, सोलापूर

उत्तर : जरूर करावा, आणि लवकर करावा. चूक बसवाल्याची की ट्रकवाल्याची, हे सिद्ध करत बसण्याची वेळ तुमच्या आईवर येत नाही. ती आसनावर बसलेली प्रवासी होती. दोघांच्या चुकीने प्रवासी जखमी झाला, तर तो पूर्ण भरपाई दोघांपैकी कोणाकडूनही मागू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ च्या खेन्येई प्रकरणात स्पष्ट केलं आहे. वाटणी ते आपापसांत करतील. तरीही दोन्ही गाड्यांचे मालक आणि विमा कंपन्या यांना दाव्यात सामील करा. बस एसटीची असती, तर विमा कंपनीच्या जागी थेट महामंडळ आलं असतं.

खरा मुद्दा त्या १५ टक्क्यांचा आहे. ते टक्के हाताचे आहेत, कमाईचे नाहीत. २०१० च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालाने हा फरक कायमचा सांगून ठेवला. डावा हात तुटलेल्या कारकुनाची नोकरी टिकू शकते, पण चालकाची किंवा सुताराची कमाई जवळजवळ पूर्ण जाते. आता विडीचं काम बघा. तेंदूचं पान कातरीने कापायचं, तंबाखू भरायची, बोटांनी घट्ट वळायची, तोंड दुमडायचं, दोरा बांधायचा. हजार विड्यांमागे मजुरी मिळते. मनगट अडलं की हजाराचे सहाशे होतात. मग तिचं नुकसान १५ टक्के कसं?

आकड्यांत बघू. मासिक कमाई ९,००० रुपये धरली, तर या वयाला पुढच्या वाढीपोटी २५ टक्के मिळवतात : ११,२५०. वर्षाचे १,३५,०००. वयानुसार गुणक १४, म्हणजे १८,९०,०००. त्याचे १५ टक्के २,८३,५०० होतात, ४० टक्के धरले तर ७,५६,०००. उपचारखर्च, वेदना, घरी बसून बुडालेली मजुरी हे सगळं याशिवाय. एवढा फरक एका साक्षीने पडतो, म्हणून डॉक्टरांचा नुसता दाखला जोडून थांबू नका. त्यांना साक्षीला बोलवायला वकिलांना सांगा, आणि ‘या मनगटाने विडी वळता येईल का’ हा प्रश्न विचारायला लावा. विडी कामगाराचं ओळखपत्र, मजुरीच्या नोंदी, भविष्य निर्वाह निधीचे कागद सांभाळून ठेवा. घरात पडलेली जुनी चिटोरीसुद्धा फेकू नका. आई घरचा स्वयंपाक, धुणंभांडंही करत होती, हेही साक्षीत येऊ द्या. त्या कामालाही न्यायालयांनी मोल दिलं आहे.

दावा सोलापूरच्या जिल्हा न्यायालयात, मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे चालेल. गाणगापूरला जाताना कर्नाटकात अपघात झाला असता, तरीही सोलापूरचा रहिवासी इथेच दावा करू शकला असता. मोटार वाहन कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीने दाव्यासाठी अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आणली, ती १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे. त्यामुळे मुदत उलटली असली, तरी वकिलांना विचारल्याशिवाय हात टेकू नका. पोलीस ठाण्यातून फिर्याद, पंचनामा आणि दोन्ही गाड्यांच्या विम्याची माहिती आधी घ्या.

लोक अदालतीत तडजोडीचा आकडा पुढे येईल. तडजोड वाईट नसते, पण तिथल्या निवाड्यावर अपील नाही. कमाईचा हिशेब कागदावर मांडल्याशिवाय आईला अंगठा किंवा सही करू देऊ नका. वकिलाच्या फीची काळजी असेल, तर न्यायालयाच्या आवारातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिलांना तिथे मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही.