चारशे मीटरची सीमा : स्ट्रॉम्बोली ज्वालामुखीवरील सायंकालीन चढाई

अजिंठा, वेरूळ, कार्ले, भाजे येथील लेण्यांचा इतिहास शिकविताना आम्ही आरंभ दगडापासून करतो. ज्या कातळात ही लेणी कोरली गेली तो बेसाल्ट होय. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी भूपृष्ठाच्या लांबलचक भेगांतून लाव्हारस बाहेर पडला, थरावर थर साचला आणि त्यातून दख्खनचे पठार घडले. एवढे सांगून होताच वर्गातून प्रश्न येतो : हा दगड तापून वाहत असताना कसा दिसत असेल? आज तो कोठे पाहता येईल का? भारतात सक्रिय ज्वालामुखी एकच आहे, तो अंदमानातील बॅरन बेटावर. दीर्घकाळ शांत राहिल्यानंतर १९९१ साली तो पुन्हा जागृत झाला. पण सामान्य माणसाला पायी चढून, जाणकाराच्या सोबतीने, सूर्यास्ताच्या वेळी जिवंत ज्वालामुखी पाहता येतो अशी जगातील प्रसिद्ध जागा म्हणजे इटलीतील स्ट्रॉम्बोली बेट. वर्गातील त्या प्रश्नाचे सविस्तर उत्तर आम्ही या लेखात देत आहोत.

बेट आणि त्याचा पर्वत

इटलीच्या दक्षिण टोकाशी सिसिली हे मोठे बेट आहे. त्याच्या उत्तरेस टिरेनियन समुद्रात एओलियन नावाचा सात वस्तीच्या बेटांचा समूह आहे. २००० साली युनेस्कोने त्यास जागतिक वारशाचा दर्जा दिला. या समूहातील स्ट्रॉम्बोली हे बेट म्हणजे समुद्राबाहेर आलेले एका प्रचंड ज्वालामुखीचे टोक आहे. समुद्रसपाटीपासून त्याची उंची ९२४ मीटर आहे. पाण्याखालचा भाग धरल्यास हा पर्वत अडीच हजार मीटरांहून उंच भरतो. बेटाचे क्षेत्रफळ मात्र जेमतेम साडेबारा चौरस किलोमीटर. पायथ्याशी पांढऱ्या घरांचे एक गाव आहे आणि दुसऱ्या बाजूस जिनोस्त्रा ही छोटी वाडी आहे.

दोन हजार वर्षांहून अधिक काळ हा पर्वत जवळजवळ अखंड धुमसत आहे. रात्री जहाजे हाकणाऱ्या खलाशांना त्याचा प्रकाश दुरून दिसे. त्यामुळे 'भूमध्य समुद्राचे दीपगृह' हे नाव त्यास मिळाले. याच समूहातील व्हुल्कानो बेटाचे नाव रोमन अग्निदेवतेवरून पडले आणि अनेक युरोपीय भाषांतील ज्वालामुखीवाचक शब्द त्याच नावातून निघाला. प्राचीन माणसाने या आगीत देवाची भट्टी पाहिली. पुढे १७८८ साली लाझारो स्पालान्झानी हा निसर्गसंशोधक या बेटांवर आला आणि त्याने प्रत्यक्ष निरीक्षण करून पर्वताच्या वर्तनाची कारणे शोधण्याचा प्रयत्न केला. इतिहासाच्या विद्यार्थ्याने हा टप्पा लक्षात ठेवावा. आगीची भीती तीच होती, परंतु माणसाने तिला विचारलेला प्रश्न बदलला होता.

स्फोट कसा होतो

चुलीवर पिठले रटरटू लागले की तळाशी बुडबुडे धरतात, वर येतात, फुटतात आणि पिठल्याचे थेंब उडवितात. स्ट्रॉम्बोलीच्या पोटात साधारण असेच घडते. शिलारसात विरघळलेले वायू दाब कमी होताच बुडबुड्यांच्या रूपाने वेगळे होतात. लहान बुडबुडे एकत्र येऊन मोठे होतात, पर्वताच्या नळीतून वर चढतात आणि मुखाशी येऊन फुटतात. त्यासरशी सुमारे ११०० अंश सेल्सिअस तापलेल्या लाव्हारसाचे गोळे हवेत उडतात. साधारणपणे दर दहा ते वीस मिनिटांनी असा एक स्फोट होतो. शास्त्रज्ञ जगभर या प्रकारास 'स्ट्रॉम्बोलीय उद्रेक' म्हणतात.

वायू असा वरचेवर निसटत राहतो, म्हणून एरवीचे स्फोट मर्यादित असतात व दुरून पाहता येतात. परंतु कधी कधी खोलवरचा, वायूने भरलेला ताजा शिलारस वेगाने वर येतो. तेव्हा होणारा उद्रेक नित्याच्या स्फोटाहून कित्येक पटींनी मोठा असतो. जळते दगड उतारांवर दूरवर पडतात, राखेचा स्तंभ काही किलोमीटर उंच जातो. पर्वत तोच असतो आणि नळीही तीच असते. दहा मिनिटांपूर्वी पाहुण्यांना शोभा दाखविणारे मुख अचानक प्राणघातक होऊ शकते.

चढाईचा क्रम

सूर्यास्ताच्या दोन-तीन तास आधी चढणारे गावात जमतात. परवानाधारक वाटाड्या प्रत्येकाचे बूट पाहतो. सपाता किंवा उघडी पादत्राणे चालत नाहीत. हेल्मेट, डोक्याला लावायचा दिवा, पुरेसे पाणी आणि वरच्या वाऱ्यासाठी एक उबदार कपडा, एवढे सामान सोबत असावे लागते. इटलीत ज्वालामुखीवर माणसे नेण्याचे काम कायद्याने नियंत्रित आहे. त्यासाठी प्रशिक्षण घेऊन परवाना मिळवावा लागतो.

वाट वस्ती सोडून वेताच्या व झुडपांच्या उतारावरून वर जाते. पायाखाली काळी वाळू आणि ठिसूळ दगड असतात, त्यामुळे पाय घसरतो. समूह एकामागून एक चालतो आणि वेग सर्वांत हळू चालणाऱ्याच्या पावलांवर ठरतो. वाटाड्या मधून मधून थांबून दम खाऊ देतो आणि पर्वताची माहिती सांगतो. सुमारे ४०० मीटर उंचीवर पोहोचले की समोर 'शारा देल फुओको' हा काळा, तीव्र उतार उघडा होतो. सुमारे पाच हजार वर्षांपूर्वी पर्वताची वायव्य कड कोसळून ही घळ तयार झाली. मुखातून उडालेले दगड या घळीतून गडगडत थेट समुद्रात जातात.

येथे थांबून सूर्यास्त होऊ द्यायचा असतो. सूर्यास्ताचीच वेळ का, याचे कारण भौतिकशास्त्रात आहे. दिवसाच्या उजेडात स्फोटाचा धूर व राख तेवढी दिसते. तापलेल्या दगडाचा लाल प्रकाश सूर्यप्रकाशापुढे फिका पडतो. अंधार दाटू लागतो तसा तोच स्फोट लाल-केशरी कारंज्यासारखा दिसतो आणि घळीतून उतरणारा प्रत्येक निखारा डोळ्यांना टिपता येतो. अभ्यासूंनी येथे एक लहानसा प्रयोग करावा. प्रकाश दिसल्यापासून आवाज ऐकू येईपर्यंतचे सेकंद मोजावेत. ध्वनी सेकंदाला सुमारे ३४० मीटर जातो. तीन सेकंद लागले, तर मुख आपल्यापासून साधारण एक किलोमीटरवर आहे असे समजावे.

परतीची वाट पूर्ण अंधाराची असते. गावातही रस्त्यांवर दिवे लावलेले नाहीत, त्यामुळे डोक्यावरच्या दिव्यांची रांग खाली उतरताना दुरून दिसते.

सीमा कशी ठरली

ही चढाई ४०० मीटरांवर थांबते. पूर्वी ती थांबत नव्हती. वाटाड्यांच्या सोबतीने लोक नऊशे मीटरांहून उंच कड्यावर जात आणि मुखांकडे वरून पाहत. ३ जुलै २०१९ रोजी दुपारी असाच एक मोठा उद्रेक झाला आणि उतारावर असलेल्या एका पदयात्रीचा मृत्यू झाला. त्याच वर्षी २८ ऑगस्टला दुसरा मोठा उद्रेक झाला. त्यानंतर माथा बंद करण्यात आला. पुढे ठरलेल्या व्यवस्थेनुसार २९० मीटरपर्यंत कोणासही स्वतःच्या पायांनी जाता येते आणि ४०० मीटरपर्यंत वाटाड्यासह. पर्वताची हालचाल वाढली की या सीमा आणखी खाली आणल्या जातात किंवा वाट पूर्णपणे बंद होते.

सीमा ओढण्यामागील विचार समजून घेतला पाहिजे. पर्वतावर भूकंपमापक, जमिनीचा कल मोजणारी उपकरणे, वायुमापक आणि कॅमेरे बसविलेले आहेत. २०१९ च्या नोंदींच्या अभ्यासातून असे दिसले की मोठ्या उद्रेकाच्या काही मिनिटे आधी पर्वताची जमीन किंचित फुगते. ही माहिती मोलाची आहे. पण इशारा मिळतो काही मिनिटांचा आणि माथ्यावरून उतरायला लागतो तासाहून अधिक वेळ. या दोन वेळा शेजारी शेजारी मांडल्या की माथा का बंद आहे, हे निराळे सांगावे लागत नाही. उपकरण कितीही सूक्ष्म असले तरी ते माणसाचे पाय वेगवान करीत नाही.

सीमा समुद्राच्या बाजूनेही आहे. ३० डिसेंबर २००२ रोजी शारा देल फुओकोचा एक भाग कोसळून समुद्रात गेला आणि उसळलेल्या लाटांनी किनाऱ्यावरील घरांचे नुकसान केले. हिवाळा असल्याने बेटावर पर्यटक थोडे होते, म्हणून जीवितहानी टळली. त्यानंतर निरीक्षणाची यंत्रणा वाढविण्यात आली, लाटांचा इशारा देणारे भोंगे बसविण्यात आले.

बेटावरील लोकांनी या पर्वताची किंमत पूर्वीही मोजली आहे. ११ सप्टेंबर १९३० च्या उद्रेकात माणसे दगावली, घरे पडली आणि अनेक कुटुंबांनी परदेशाची वाट धरली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस हजारांत असलेली वस्ती पुढे काही शेंवर आली. आज या थोड्या माणसांची उपजीविका मुख्यतः पर्यटनावर आहे. माथा बंद होणे म्हणजे त्यांच्या मिळकतीला कात्री लागणे होय. तरीही सीमा पाळली जाते, हे आम्हांस सर्वांत महत्त्वाचे वाटते.

वाटाड्याचे खरे काम

वाटाड्या सोबत आहे एवढ्याने प्रवास सुरक्षित होत नाही, याचे दुःखद उदाहरण त्याच वर्षी न्यूझीलंडमध्ये घडले. ९ डिसेंबर २०१९ रोजी व्हकारी या ज्वालामुखी बेटावर उद्रेक झाला तेव्हा तेथे ४७ माणसे होती. त्यांतील बरीच पर्यटक होती व वाटाड्यांसोबत आली होती. काही वाटाडेही मृतांत होते. एकूण २२ जण दगावले. त्या आधीच्या महिन्यात ज्वालामुखीच्या धोक्याची पातळी एका अंकाने वाढविण्यात आली होती. तरीही माणसे विवराच्या अगदी जवळ नेली जात राहिली.

स्ट्रॉम्बोली आणि व्हकारी ही दोन्ही उदाहरणे शेजारी ठेवली की वाटाड्याच्या कामाची व्याख्या स्पष्ट होते. वाट दाखविणे हे त्याचे अर्धे काम आहे. उरलेले अर्धे काम 'येथून पुढे नाही' असे सांगण्याचे आहे, आणि ते अधिक अवघड आहे. कारण ते सांगताना समोर पैसे भरून आलेले, दूरवरून आलेले, उत्सुक झालेले लोक उभे असतात. त्यांची नाराजी पत्करण्याचा अधिकार वाटाड्याला असेल आणि त्याच्या नकाराला व्यवस्थेचे पाठबळ असेल, तरच 'मार्गदर्शनाखालील सहल' या शब्दांना अर्थ राहतो.

आपल्यासाठी बोध

आपल्यापैकी फार थोडे जण स्ट्रॉम्बोलीला जातील. परंतु पावसाळ्यातील धबधबा, गडावरील शेवाळलेली पायवाट, भरतीच्या वेळचा समुद्रकिनारा हे सर्वांच्या वाट्याला येते. निवासी शाळेत पालक आपले मूल वर्षभरासाठी शिक्षकांच्या हाती सोपवितात. सहलीच्या दिवशी त्या विश्वासाची परीक्षा असते. म्हणून सहलीला निघण्यापूर्वी तीन गोष्टी ठरलेल्या असाव्यात असे आम्ही सुचवितो. परत फिरण्याचा निर्णय कोण घेणार, हे एका व्यक्तीच्या नावानिशी ठरावे. कोणती खूण दिसली की परतायचे, हे निघण्यापूर्वीच विद्यार्थ्यांना सांगावे. आणि अर्ध्या वाटेवरून परतलेली सहल वाया गेली असे कोणी, विशेषतः पालकांनी, म्हणू नये. ज्या मुलांनी कारण समजून घेऊन पाऊल मागे घेतले, त्यांनी त्या दिवशी एक पूर्ण धडा शिकलेला असतो.

माजी विद्यार्थ्यांपैकी अनेक जण आज स्वतः शिक्षक, अधिकारी, आई-वडील आहेत. इतरांना वाट दाखविण्याचे काम त्यांच्याकडे आले आहे. चारशे मीटरांवर उभे राहून दिसणारा ज्वालामुखी माथ्यावरून दिसणाऱ्यापेक्षा लहान असेल, पण तो पाहून सगळे जण घरी परततात.

अभ्यासासाठी प्रश्न

१. स्ट्रॉम्बोलीचे नित्याचे स्फोट मर्यादित का असतात?
२. दिवसा न दिसणारा लाव्हारसाचा प्रकाश अंधारात का दिसतो?
३. प्रकाश दिसल्यानंतर पाच सेकंदांनी आवाज आला, तर मुख किती अंतरावर आहे?
४. इशाऱ्याचा वेळ आणि उतरण्याचा वेळ यांची तुलना करून माथा बंद ठेवण्याचे कारण लिहा.
५. आपल्या परिसरातील एखाद्या धोक्याच्या जागेसाठी 'परत फिरण्याची खूण' कोणती असावी? घरातील वडीलधाऱ्यांशी चर्चा करून लिहा.