घरगुती सॉकेटवर कॅम्पर व्हॅन जोडताना

कोकणात होमस्टेच्या अंगणात व्हॅन लावली की घरमालक आपणहून वायर खिडकीतून बाहेर देतात. पाहुणचार मनापासूनचा असतो, पण टॉप खोचण्याआधी दहा मिनिटं तपासणीला द्या.

आधी अर्थिंग. व्हॅन रबरी टायरवर उभी असते, म्हणजे जमिनीपासून तुटलेली. आत कुठे फेजची वायर बॉडीला टेकली आणि अर्थिंग नसेल, तर सगळा पत्रा 230 व्होल्टचा होतो आणि कुणाला कळतही नाही. ओल्या मातीत अनवाणी उभं राहून दाराची मूठ धरणाऱ्याच्या अंगातून मग करंट जमिनीत जातो. जुन्या घरांत सॉकेटला तीन भोकं दिसतात, पण वरच्या मोठ्या भोकामागे बऱ्याचदा वायरच नसते. तीन दिव्यांचा सॉकेट टेस्टर सोबत ठेवा. शंका आली तर गावातल्या वायरमनला बोलवा. व्हॅनच्या बोर्डात 30 मिलिअँपिअरचा आरसीसीबी, म्हणजे करंटची गळती होताच वीज तोडणारा स्विच, हवाच. वीज जोडली की त्याचं टेस्ट बटण दाबा. तो लगेच पडला पाहिजे.

मग लोड. 6 अँपिअरच्या लहान सॉकेटवर सलग हजार वॅटच्या पुढे जाऊ नका. बॅटरी चार्जर, पंखा, दिवे, छोटा फ्रिज एवढं त्यावर भागतं. एसी किंवा इंडक्शन लावायचं तर 16 अँपिअरचं सॉकेट मागा, आणि तेही दोन्ही एकदम चालवू नका. जाड पिनांचा टॉप लहान सॉकेटात बसवणारा कन्व्हर्टर वापरूच नका. भोकांभोवती तपकिरी डाग किंवा वितळल्याची खूण दिसली तर ते सॉकेट सोडून द्या.

वायर. बाजारातला साधा एक्स्टेन्शन बोर्ड या कामाचा नाही. 2.5 चौरस मिलिमीटरची, तांब्याची, तीन कोअरची, बाहेर वापरण्याजोगी केबल घ्या. रीळ असेल तर पूर्ण उलगडा, कारण गुंडाळलेली केबल लोडवर तापते आणि आवरण वितळतं. सांधे जमिनीवर टेकू देऊ नका आणि पावसापासून झाका. केबल दारात चेंगरणार नाही, वाटेत कुणाच्या पायात येणार नाही, हे बघा.

जोडण्याचा क्रम. व्हॅनमधली उपकरणं आणि घरातला स्विच, दोन्ही बंद. केबल आधी व्हॅनला जोडा, मग टॉप सॉकेटात घाला आणि शेवटी स्विच चालू करा. काढताना बरोबर उलट. पंधरा मिनिटांनी टॉपला हात लावून बघा; चटका बसण्याइतका तापला असेल तर थेट मेन स्विच बंद करा, टॉप ओढू नका. एमसीबी पुन्हा पुन्हा पडत असेल तर लोड कमी करा, एमसीबी बदलून मोठा बसवू नका.

वापरलेल्या युनिटचे पैसे घरमालकाला न मागता द्या. आणि अर्थिंगची खात्री पटली नाही तर जोडणी घेऊ नका. ती रात्र बॅटरीवर काढा.